ज्येष्ठ स्त्रियांच्या गोष्टी कोणी पाहत नाही, हे खरे नाही

‘साठीच्या बायकांच्या गोष्टी कोणी पाहत नाही, वय झाले की नायकही बाजूला पडतात, शिवाय मालिकांत सासवा आणि आज्या भरपूर असतात, मग तक्रार कशाची?’ अशा आशयाचा मजकूर समाजमाध्यमांवर वरचेवर फिरतो. त्यातला एकही मुद्दा तपासल्यावर टिकत नाही.

वयाचा नियम सर्वांना सारखाच लागू होतो, हे त्यातले सर्वांत चुकीचे विधान आहे. १९९० च्या ‘अग्निपथ’मध्ये अमिताभ बच्चन सत्तेचाळीस वर्षांचे होते आणि त्यांच्या आईची भूमिका करणाऱ्या रोहिणी हट्टंगडी अडतीस वर्षांच्या. २००५ च्या ‘वक्त’मध्येही अक्षय कुमार यांच्या आईच्या भूमिकेतल्या शेफाली शाह त्यांच्याहून वयाने लहानच होत्या. या दोघींच्या अभिनयाविषयी शंकाच नाही. मात्र नायक सत्तेचाळिशीतही नायकच राहतो आणि त्याच्या आईसाठी जिथे सत्तरीची अभिनेत्री सहज शोभली असती, तिथेही तरुण स्त्रीच्या केसांना पांढरा रंग लावून काम भागवले जाते, तेव्हा ज्येष्ठ अभिनेत्रीच्या हातून नायिकेची भूमिका तर गेलेली असतेच, आईचीही जाते. पुरुषांच्या बाबतीत असे क्वचितच घडते.

प्रेक्षक नसतात, या दाव्याला तिकीटबारीनेच उत्तर दिले आहे. नीना गुप्ता यांनी २०१७ साली इन्स्टाग्रामवर उघडपणे काम मागितले आणि पुढच्याच वर्षी, उतारवयात गरोदर राहिलेल्या आईची त्यांची भूमिका असलेला ‘बधाई हो’ जोरात चालला. त्यातल्या आजीच्या भूमिकेसाठी सुरेखा सिक्री यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मराठीत ३० जून २०२३ रोजी आलेल्या ‘बाईपण भारी देवा’ने ७० कोटींहून अधिक कमाई केली. मंगळागौरीच्या स्पर्धेसाठी एकत्र येणाऱ्या त्यातल्या सहाही बहिणी ज्येष्ठ नाहीत, हे मान्य. पण त्यांतल्या दोघींच्या भूमिका सत्तरी गाठलेल्या रोहिणी हट्टंगडी आणि वंदना गुप्ते यांनी केल्या होत्या आणि बायका घोळक्याने, नटूनथटून चित्रपटगृहांत जात होत्या.

राहिला मालिकांचा मुद्दा. तिथे सासू दिसते खरी, पण ती बहुधा सुनेच्या गोष्टीतला अडथळा किंवा आशीर्वाद म्हणून. देवघर, स्वयंपाकघर आणि दाराआडून ऐकलेले संभाषण एवढ्यातच तिचा वावर असतो. तिचे बँकेतले पैसे, दुखरे गुडघे, मैत्रिणी, जोडीदाराची इच्छा यांपैकी काहीच कथेत येत नाही. २०१९ मध्ये सुरू झालेल्या ‘अग्गंबाई सासूबाई’ने ही चौकट मोडली. निवेदिता सराफ यांनी साकारलेली विधवा आसावरी, तिच्या पुनर्विवाहाला विरोध करणारा लाडावलेला मुलगा बबड्या आणि तिच्या पाठीशी उभी राहणारी सून शुभ्रा, अशी ती रचना होती. आसावरीने पुन्हा संसार मांडावा की नाही, हाच कथेचा मुख्य प्रश्न होता आणि घरोघरी ती मालिका आवडीने पाहिली गेली.