बसंतीचा टांगा कुणी पळवला?

परवा भाचीबरोबर 'शोले' बघत होते. डाकू मागे लागले, टांगा उधळला, आणि ती म्हणाली, "मावशी, हेमा मालिनीनं काय जबरदस्त पळवलाय गं!" मी सिनेमा तिथेच थांबवला. म्हटलं, आधी एक नाव ऐक. रेशमा पठाण.

त्या पाठलागातले जिवावरचे शॉट रेशमाताईंनी दिलेत. बंगळुरूजवळच्या रामनगरच्या खडकाळ भागात शूटिंग चालू असताना टांगा उलटला, त्या खाली सापडल्या, चांगल्याच जखमी झाल्या. पुढे कित्येक वर्षं त्या हेच काम करत राहिल्या. हिंदी सिनेमातल्या पहिल्या स्टंटवुमन म्हणून त्यांना ओळखतात. घरची गरिबी होती म्हणून साठच्या दशकाच्या शेवटी, अगदी कोवळ्या वयात त्या यात आल्या. तेव्हा नायिकेचे धोक्याचे शॉट सर्रास पुरुष फायटर द्यायचे, विग घालून आणि बाईचे कपडे चढवून. याच मुंबईत १९३५ साली 'हंटरवाली'तली नादिया स्वतःच्या मारामाऱ्या स्वतः करत होती, हे आठवलं की मला त्या विगांचा फार राग येतो.

आणि कपड्यांचं तर कुणी बोलतच नाही. पुरुष फायटरला पँट-जॅकेटच्या आत गुडघ्या-कोपरांना पॅड बांधता येतात. नायिकेच्या डुप्लिकेटला नायिकेचाच पोशाख. उघडी पाठ, उघडे दंड, कधी आखूड फ्रॉक. पॅड लपवायचे कुठे? उंची तेवढीच, जमीनही तेवढीच कठीण.

शॉटमध्ये तिचं तोंड दिसलं की शॉट बाद, हे मला मान्य आहे. त्यातच तिचं कसब आहे. पण सिनेमा संपल्यावर ज्या पाट्या सरकतात, त्यांत फाइट मास्टरचं नाव ठळक असतं. कुणाच्या जागी कोण पडलं, ते का लिहीत नाहीत? एका ओळीचं तर काम. राष्ट्रीय पुरस्कारांत अ‍ॅक्शन दिग्दर्शनाची दखल २०१७ पासून घेतली जाते. ऑस्कर २०२७ च्या चित्रपटांपासून स्टंट डिझाइनला पुरस्कार देणार आहे. चांगलंच आहे. पण हे मान आखणी करणाऱ्याचे. प्रत्यक्ष पडणारी व्यक्ती अजून बिननावाचीच.

जुलै २०२५ मध्ये तमिळनाडूत गाडी उलटवण्याच्या स्टंटमध्ये एक मुरलेला स्टंटमन गेला. त्यानंतर बातमी आली की अक्षय कुमारनं सुमारे ६५० स्टंट कलाकारांच्या विम्याची सोय केली आहे. त्याचं मनापासून कौतुक. पण फायटरच्या हाडांची काळजी एका नटाच्या चांगुलपणावर का सोडायची? निर्मात्यानं बजेट मांडताना हा खर्च सगळ्यात आधी धरायला हवा, आणि ज्या दिवशी विमा नाही त्या दिवशी शूटिंग नाही, इतकं कडक हवं.

सगळं ऐकून भाचीनं तो पाठलाग पुन्हा पहिल्यापासून लावला. या खेपेला ती टांग्याच्या चाकांकडे बघत होती.