पिन बसली म्हणजे एसएमपीएस जुळला, असं नसतं भाऊ

सेतू केंद्रवाल्यांच्या ग्रुपात चार दिवसांपासून एसएमपीएसबद्दल, म्हणजे कॉम्प्युटरला वीज पुरवणाऱ्या डब्याबद्दल, एक मेसेज फिरतोय. ‘एसएमपीएस गेला तर बाजारातला कुठलाही आणा, पिन बसली की चालतो. फक्त 24 पिनांच्या मदरबोर्डाला 20 पिनांचा लावू नका, बोर्ड जळतो. आणि 450 वॅटच्या वर जाऊ नका, लाइट बिल वाढतं, बोर्डावर लोड येतो.’ दारव्ह्यात मी हेच दुरुस्तीचं काम करतो. यातलं एकही वाक्य धड नाही.

वॅटचं आधी मिटवतो. दमदार बैलजोडी रिकाम्या बंडीला जुंपली म्हणून बंडी मोडत नाही. मशीनला 80 वॅट लागत असतील, तर 450 चा असो की 650 चा, तेवढेच देणार. बिलात नाव घेण्यासारखा फरक पडत नाही. त्यापेक्षा स्टिकरवर 12 व्होल्टपुढचे अँपिअर वाचा. तिथे 18 असेल तर 12 गुणिले 18, म्हणजे 216 वॅट. डब्यावर 450 छापलेलं असलं तरी प्रोसेसर आणि ग्राफिक कार्डाच्या वाट्याला येतात ते एवढेच.

20 आणि 24 चं भूत तर उगाच. इंटेलने 1995 मध्ये एटीएक्स, म्हणजे बोर्ड आणि एसएमपीएसच्या मापांचं-प्लगांचं स्टँडर्ड, आणलं तेव्हा 20 पिना होत्या; 2003 मध्ये चार वाढल्या. त्या चारांत नवीन काही नाही: 3.3, 5, 12 व्होल्ट आणि ग्राउंड, आधीचेच, जास्त करंट जावा म्हणून. ग्राफिक कार्ड नसलेला साधा बोर्ड 20 वर बहुतेक वेळा चालतो. मोठं कार्ड असेल तर मात्र नको, पिना तापतात.

खरा घोळ ‘पिन बसली की चालतो’ यात आहे. 1998 पासून काही वर्षं डेलच्या मशीनमध्ये प्लग हुबेहूब एटीएक्सचा होता, आतल्या तारांचा क्रम वेगळा. बाजारातला एसएमपीएस आरामात बसायचा, आणि बटण दाबलं की काम तमाम. आज नागपूरहून जे जुने ब्रँडेड सीपीयू येतात, त्यांतल्या कित्येकांच्या बोर्डाला 24 पिनांचं सॉकेटच नसतं. तिथे त्याच मॉडेलचा एसएमपीएस शोधावा लागतो. प्रोसेसरचा 8 पिनांचा प्लग आणि ग्राफिक कार्डाचा 8 पिनांचा, यांतही 12 व्होल्ट आणि ग्राउंड उलट बाजूंना. खाचा वेगळ्या ठेवल्यात, पण जोर लावणारे महाभाग मी पाहिलेत.

मॉड्युलर एसएमपीएसच्या (ज्यांच्या केबली काढता-लावता येतात) केबलींची एसएमपीएसकडची बाजू तर कुठल्याच स्टँडर्डात बसत नाही. एका केंद्रवाल्या दादांनी जुन्या एसएमपीएसची केबल नव्याला लावली. बसली. हार्ड डिस्क जागच्या जागी गेली, तीन वर्षांच्या दाखल्यांच्या स्कॅनसकट.

जुन्या एसएमपीएसच्या पाठीमागचं लाल बटण 230 वर आहे का, हे मेसेजमध्ये कुठेच नाही. ते 115 वर राहिलं तर आपल्या लाइनवर फटाका फुटतो. तेवढं एक वाक्य असतं, तर तेवढं मीही फॉरवर्ड केलं असतं.