नाव कलाकाराचे, चाव्या कोणाकडे?

नागपुरात डिजिटल मार्केटिंग शिकणाऱ्या तरुणांच्या व्हॉट्सॲप गटांत पर्सनल ब्रँडिंगचा आदर्श धडा म्हणून एक संदेश फिरतो आहे. वर्गणी घेऊन चाहत्यांना सामग्री दाखवणाऱ्या ओन्लीफॅन्स या संकेतस्थळामुळे प्रौढ मनोरंजनातील कलाकार पहिल्यांदाच स्वतःचा ब्रँड झाले, मधले दलाल संपले आणि आता मोबाइल हाती असलेल्या कोणालाही हे जमेल, असा त्याचा आशय आहे.

यातील ‘पहिल्यांदाच’ सरळ चुकीचे आहे. ओन्लीफॅन्स २०१६ मध्ये सुरू झाले. याच क्षेत्रातल्या डॅनी ॲश यांनी मात्र १९९५ मध्येच स्वतःचे संकेतस्थळ उघडले होते आणि प्रौढ चित्रपटांतील अभिनेत्री जेना जेमसन यांची २००० मध्ये स्थापन झालेली ‘क्लब जेना’ ही कंपनी प्लेबॉयने २००६ मध्ये विकत घेतली. आपल्याकडे हमखास उदाहरण दिले जाते त्या सनी लिओनी घरोघरी पोहोचल्या त्या २०११ च्या ‘बिग बॉस’मुळे, म्हणजे चक्क टीव्हीमुळे.

दलालांविषयीचे विधान अर्धे खरे असल्यामुळे अधिक फसवे आहे. ओन्लीफॅन्स २० टक्के कापून ८० टक्के रक्कम कलाकाराला देते आणि निर्मात्यांबरोबरच्या जुन्या करारांशी तुलना करता हा व्यवहार नक्कीच बरा आहे. प्रौढ चित्रपटांत काम केलेल्या मिया खलिफा यांचे नाव जगभर झाले, तरी त्या कामातून आपल्याला एकूण सुमारे १२,००० डॉलरच मिळाले, असे त्यांनी २०१९ मध्ये सांगितले होते. परंतु पैसा ज्या वाटेने येतो, ती वाट आजही कलाकाराच्या ताब्यात नाही. अल्पवयीनांच्या आणि संमतीविना टाकलेल्या चित्रफितींचे गंभीर आरोप झाल्यावर डिसेंबर २०२० मध्ये व्हिसा आणि मास्टरकार्डने पॉर्नहब या प्रौढ चित्रफितींच्या संकेतस्थळावरील व्यवहार थांबवले. कारवाईचे कारण रास्तच होते, पण ओळख पडताळून नियमाने काम करणाऱ्यांच्या कमाईलाही तिची झळ बसली. ऑगस्ट २०२१ मध्ये खुद्द ओन्लीफॅन्सने बँकांकडे बोट दाखवून उघड लैंगिक सामग्रीवर बंदी जाहीर केली आणि आठवडाभरातच ती मागे घेतली. या दोन्ही निर्णयांत ज्यांच्या नावावर धंदा चालतो, त्यांना मत नव्हते.

राहिला ‘कोणालाही जमेल’ हा दावा. वर्गणीदार आयते मिळत नाहीत. ते बहुधा इन्स्टाग्राम किंवा एक्सवरून आणावे लागतात, त्यामुळे आधीच प्रसिद्ध असलेल्याचे पारडे जड राहते. शिवाय नागपूरच्या धरमपेठेत बसून हे करू पाहणाऱ्याला माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६७अ लागू होते: उघड लैंगिक सामग्री इलेक्ट्रॉनिक माध्यमातून प्रसारित केल्यास पहिल्या दोषसिद्धीला ५ वर्षांपर्यंत कारावास आणि १० लाख रुपयांपर्यंत दंड. चित्रफीत स्वतःची आहे आणि स्वखुशीने टाकली आहे, एवढ्यासाठी त्या कलमात सूट नाही.