‘बँक संचालकांची, नोकरीही त्यांचीच’? अर्धा कायदा सांगणारा एक संदेश

फोंड्या-डिचोलीकडच्या व्हॉट्सॲप गटांत सध्या एक संदेश फिरतो आहे. सारांश असा: सहकारी बँक खाजगी संस्था, संचालक मंडळ हवे त्याला घेईल. जाहिरात लागत नाही, आरक्षण नाही, माहिती अधिकार नाही, कोर्टही हात लावत नाही. आणि मधल्या माणसाला दिलेले पैसे हा ‘आपसातला व्यवहार’.

लिहिणाऱ्याला कायदा थोडाफार ठाऊक आहे, आणि खरी पंचाईत तीच. मी सहकारातच नोकरी केली, तेव्हा यातले खरे किती ते आधी सांगतो.

‘खाजगी संस्था’ हे बऱ्याच अंशी खरे. एस. एस. राणा खटल्यात (२००६) सर्वोच्च न्यायालयाने कांगड्याच्या सहकारी बँकेला ‘राज्यसंस्था’, म्हणजे सरकारचाच भाग, मानले नाही. सरकारी खात्यांसारखे जातनिहाय आरक्षणही अशा बँकेला आपोआप लागू होत नाही. पण सरकारी नाही म्हणजे मोकळे रान, हे कोणी सांगितले? गोव्यात २००१ चा सहकारी संस्था कायदा आहे, संस्थांवर देखरेख ठेवणारा सरकारी निबंधक आहे, वर रिझर्व्ह बँक आहे. नागरी सहकारी बँकेचा व्यवस्थापकीय संचालक नेमायचा तर रिझर्व्ह बँकेची आगाऊ मंजुरी लागते.

आता जाहिरात. १९५९ चा एक कायदा होता, रिक्त जागा रोजगार विनिमय केंद्राला कळवण्याचा. पंचवीस किंवा अधिक कामगार असलेल्या खाजगी आस्थापनांनाही तो लागू होता. रोजगार केंद्राने पाठवलेल्यांतूनच माणूस घ्या, अशी सक्ती त्यात नव्हती. कळवणे मात्र भाग होते. बढतीच्या किंवा तीन महिन्यांहून कमी मुदतीच्या जागांना सूट होती. (म्हणून ‘तात्पुरती’ नेमणूक इतकी लोकप्रिय!) तो विषय आता सामाजिक सुरक्षा संहितेत गेला आहे. ती २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली आणि जागा कळवायची जबाबदारी तिच्यातही आहे.

मागच्या दाराने आलेल्यांचे काय होते, ते तामिळनाडूच्या सहकारी संस्थांनी पाहिले आहे. रोजगार केंद्राला न कळवता, अर्ज न मागवता माणसे भरली. वर्षे लोटली, सरकारने त्यांना कायम करायचे आदेश काढले. उमाराणी खटल्यात (२००४) सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. नियम मोडून झालेली नेमणूक नुसत्या वर्षांच्या जोरावर कायम होत नाही. ‘एकदा आत शिरलास की झाले’ म्हणणाऱ्या मामाला हे जरूर वाचून दाखवा.

स्त्री-पुरुष भेद करून भरती करायला १९७६ पासूनच बंदी आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याप्रमाणे खाजगी आस्थापनेनेही समान संधी धोरण जाहीर करायचे असते. आपल्या बँकेचे ते धोरण कुठे लावलेले तुम्ही पाहिले आहे का? मी अजून शोधतो आहे.

माहिती अधिकाराचे वाक्य फसवे आहे. थलप्पलम खटल्यात (२०१३) न्यायालयाने म्हटले की सहकारी संस्था सरसकट ‘सार्वजनिक प्राधिकरण’, म्हणजे माहिती अधिकार लागू होणाऱ्या संस्था, नाहीत. त्याच निकालात पुढे आहे की निबंधक मात्र तसे प्राधिकरण आहे, आणि कायद्याने तो संस्थेकडून जी माहिती मिळवू शकतो, ती त्याच्याकडे मागता येते. संदेशात पहिला भाग आला, दुसरा गळला. कोर्टाचेही तसेच. बँकेविरुद्ध रिट (उच्च न्यायालयातला अर्ज) सहसा टिकत नाही, पण निबंधक तक्रारीवर गप्प बसला तर त्याच्याविरुद्ध पर्वरीला, उच्च न्यायालयात, जाता येते.

पैशांचा मुद्दा मात्र निव्वळ खोटा, आणि धोक्याचा. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात (१९८८) सरकारी आर्थिक मदत घेतलेल्या सहकारी बँकेचे पदाधिकारी ‘लोकसेवक’ धरले आहेत. आंध्रातल्या सहकारी बँकेचा एक साधा पर्यवेक्षकही सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये त्यातच बसवला. २०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच देणाराही गुन्हेगार, सात वर्षांपर्यंत कैद. जबरदस्तीने द्यावी लागली असेल तर सात दिवसांत पोलिसांना किंवा तपास यंत्रणेला कळवले तरच सुटका. २०२४ च्या अखेरीस नोकऱ्यांसाठी पैसे घेतल्याची प्रकरणे गोव्यात एकामागून एक बाहेर आली, तेव्हा दागिने मोडून पैसे दिलेली घरे तोंड लपवत होती. व्यवहार आपसातला असता तर लपवायचे कशाला?

आमच्या शेजारच्या मुलीचे उदाहरण. एका बँकेची जाहिरात चवथीच्या तोंडावर आली, आतल्या पानावर, तळाशी, काडेपेटीएवढी. मुदत पाच दिवस, त्यात दोन सुट्टीचे. कोकणी आवश्यक, मराठी इष्ट, पंधरा वर्षांचा रहिवासी दाखला. आता पाच दिवसांत मामलेदार कचेरीतून दाखला आणायचा कसा? ज्यांच्याकडे आधीच होता, त्यांना जाहिरात बहुधा आधीच कळली असावी. माझा संशय, पुरावा नाही.

पुरावा मिळवायला ती पणजीला गेली. श्रमशक्ती भवन (रोजगार केंद्र) आणि सहकार संकुल (निबंधकाची कचेरी), दोन्ही पाटो भागातच. पहिल्या ठिकाणी विचारले, या बँकेने जागा कळवल्या होत्या का. दुसऱ्या ठिकाणी माहिती अधिकारात तीन गोष्टी मागितल्या: मंजूर पदांची यादी, बँकेचे सेवानियम, भरतीच्या ठरावाची प्रत. अर्जाला दहा रुपये लागले. उत्तराची तीस दिवसांची मुदत पुढच्या सोमवारी संपते.