काका, मागचं झाकण नको!

परवा लोअर परळच्या एका मॉलच्या दारात माझी झडती झाली. मी तिथे फोटो काढायला गेलोच नव्हतो, लघवीला गेलो होतो. सकाळपासून एका गिरणीची उरलेली चिमणी कुठल्या गल्लीतून नीट दिसते ते बघत फिरत होतो. त्या भागात पोटात चहा जास्त झाला तर मॉलशिवाय वाली नाही, हे तिथे पायी हिंडणारा कुणीही सांगेल.

गार्डने बॅग उघडली. डबा, छत्री, बाटली सगळं सोडून त्याचा हात नेमका त्या काळ्या, चपट्या, चामडी वस्तूवर गेला.

“हे काय?”

“कॅमेरा.”

“खोलून दाखवा.”

घडीचा कॅमेरा खोलायचा म्हणजे बटण दाबायचं. दाबलं की पुढचं झाकण फाटकन पडतं, आतून चामड्याचा भाता सरसरत बाहेर येतो आणि लेन्स छाती काढून उभी राहते. १९३०च्या दशकात गिऱ्हाईक यावरच खूश होऊन पैसे मोजत असणार. इथे मात्र गार्ड दोन पावलं मागे सरकला आणि रांगेतल्या एका बाईंनी पोराला पोटाशी ओढलं.

कॅमेरा झाइस आयकॉनचा नेटार. ही कंपनी १९२६ साली चार जर्मन कंपन्या एकत्र येऊन झाली. तिचा आयकॉन्टा हा श्रीमंत भाऊ आणि नेटार हा गरीब. सुपर आयकॉन्टात अंतर मोजायची सोय असते. नेटारवाल्याने समोरचा माणूस किती मीटरवर आहे ते डोळ्यांनी ठरवायचं, लेन्सभोवतीच्या आकड्यांवर लावायचं आणि देवाचं नाव घ्यायचं. यात लागणाऱ्या १२० नंबरच्या फिल्मच्या एका रिळात आठ फोटो. फक्त आठ. हेरगिरी करायची तर याहून वाईट साधन शोधून सापडणार नाही.

“परमिशन आहे?”

“मोबाइलला लागते?”

“मोबाइल चालतो. कॅमेरा नाही.”

त्याच्या पाठीमागे, काचेपलीकडे, एक मुलगी स्टँडवर मोबाइल लावून, गोल दिवा पेटवून, सरकत्या जिन्यासमोर नाचत होती. तिला कुणी काही विचारत नव्हतं. मी बोट दाखवलं. गार्डने बोटाकडे पाहिलं.

एवढ्यात काका आले. पांढरा हाफ शर्ट, पायात चपला, काखेत पेपर, हातात कापडी पिशवी. पिशवी कुणी तपासली नाही. गार्डने उलट सलाम केला.

“काय रे, काय झालं?” काकांनी घरमालकाच्या आवाजात विचारलं, आणि मग माझ्याकडे वळून खुलासा केला, “मी इथेच कामाला होतो. तुम्ही उभे आहात ना, तिथे आमचं स्पिनिंग. तुम्हाला कुठे जायचंय?”

मी लाजत सांगितलं.

“म्हणजे बॉयलरच्या जागी. सरळ जाऊन डावीकडे.”

ब्याऐंशीच्या संपानंतर गिरणी गेली, पण काकांचा ताबा काही गेला नव्हता. एसी सुरू झाला की रोज येऊन बसतात म्हणे. तेवढ्यावर थांबले असते तर माझं त्यांच्याशी भांडण नव्हतं.

“पेटी आहे का?” भात्याकडे बघून ते म्हणाले. “आमच्या भजनी मंडळात होती.”

“कॅमेरा आहे, काका.”

“बघू.” आणि ‘बघू’ म्हणेस्तोवर तो त्यांच्या हातात गेलासुद्धा. उभं आयुष्य यंत्रावर घालवलेल्या माणसाला कुठलंही यंत्र परकं वाटत नाही. “सेल कुठे घालता?”

“सेल लागत नाही.”

“मग बंद असेल.”

“चालू आहे. स्प्रिंगवर चालतो.”

“स्प्रिंगवर काहीही चालतं,” गार्ड सावधपणे म्हणाला.

“ऑइलिंग करता का?”

“नाही.”

“करायला पाहिजे.”

यावर मी खरं तर अर्धा तास बोलू शकतो. जुन्या आग्फा कॅमेऱ्यांना कारखान्यातच एक हिरवं ग्रीस लावलेलं असे. ते वर्षांनुवर्षांत इतकं घट्ट होतं की लेन्स फिरवायला गेलं तर हात फिरतो, लेन्स नाही. लायटरचं पेट्रोल थेंबथेंब सोडून ते सोडवत बसावं लागतं. चोरबाजारात मटण स्ट्रीटवर असा एक मला ‘एकदम ओके माल’ म्हणून मिळाला होता. तिथे प्रत्येक वस्तू ओके असते. मी भात्यात टॉर्च घालून बघितलं तर कोपऱ्याकोपऱ्यांतून चांदणं. दुकानदार म्हणाला, “हवा पास होने के लिए है.” त्याच्याकडे एक ६२० फिल्मचा कोडॅकही होता, आणि फिल्म? “मिल जाएगी.” ६२० ही १२०चीच फिल्म, फक्त बारीक गुंडीवर गुंडाळलेली, आणि कोडॅकने ती १९९५ सालीच बंद केली. आता अंधारात बसून १२०ची फिल्म हाताने त्या गुंडीवर चढवावी लागते. हे सगळं मी काकांना सांगणार होतो, पण ते पुढे गेले होते.

“फोटो दिसतो कुठे?”

“दिसत नाही. धुवायला द्यायचा.”

“मिळतो कधी?”

“आठवडाभराने.”

“मग आत्ता फोटो आला का नाही, हे कळतं कसं?”

“कळत नाही.”

काकांनी गार्डकडे पाहिलं. गार्डने काकांकडे पाहिलं. तेवढ्यापुरता मी त्या दोघांचा कुणीच नव्हतो.

मग काकांनी कॅमेरा उलटा केला आणि पाठीवरची छोटी लाल काच त्यांना दिसली.

“लाल दिवा! रेकॉर्डिंग चालू आहे!”

रांग पुन्हा मागे सरली. मी घाईघाईने समजावलं की तो दिवा नाही, खिडकी आहे. फिल्मच्या मागे काळा कागद असतो, त्यावर आकडे छापलेले असतात, ते त्या खिडकीतून वाचून पुढचा फोटो आणायचा. काच लाल, कारण जुन्या फिल्मला लाल रंग दिसत नसे. आजच्या फिल्मला दिसतो, म्हणून आकडा वाचून खिडकी लगेच झाकायची. माझ्या आयुष्यातलं हे सर्वांत मुद्देसूद भाषण होतं, आणि ते चालू असताना काकांचा अंगठा कडीवर पोचला होता.

“काका, मागचं झाकण नको!”

खट्.

काचेच्या छताखाली, भर दुपारी, आणि फिल्मला उजेड लागला की संपलं. “बघ,” काका गार्डला म्हणाले, “रीळ आहे नुसतं. सोड त्यांना.”

“जावा सर,” गार्ड म्हणाला.

“झालं ना तुमचं काम?” काका माझ्याकडे बघून हसले. त्यांना आभार हवे होते, आणि मी मानले! या शहरात आपल्याला आत सोडणाऱ्याचे आभार मानायचेच असतात, मग त्याने काहीही केलेलं असो.

कोडॅकने १९१४ साली ऑटोग्राफिक नावाचे कॅमेरे काढले होते. त्यांच्या पाठीत एक छोटं दार असे, ते उघडून बारीक लेखणीने फिल्मच्या मागच्या कागदावर टिपण लिहिलं की ते फिल्मवर उमटे. त्या कल्पनेसाठी कंपनीने हेन्री गेसमन या माणसाला तीन लाख डॉलर मोजले होते. मला त्या क्षणी ते दार हवं होतं. काय लिहिलं असतं ते इथे छापता येणार नाही.

कागदात गुंडाळलेलं असल्यामुळे आतले फोटो कडेला पांढरे होऊन वाचतात कधीकधी. समोर उघडा पडलेला मात्र गेलाच, आणि त्याच्या आधीचा, चिमणीचा, बहुधा गेला. रिळाच्या पैशांत दोन माणसं नीट जेवतात, धुणावळ वेगळी. पण पैसे सोडा. समुद्रावर, स्टेशनात, देवळाच्या दारात हजारो मोबाइल दिवसभर सगळ्यांची तोंडं टिपत असतात, त्यातलं काय कुठे जातं कुणालाच ठाऊक नाही, आणि अडवतात कुणाला? आठ फोटोंवाल्याला. उद्या मी मोबाइललाच चामडी भाता चिकटवला तर तोही जप्त करतील. ज्याला आपण काय करतोय ते दाखवता येत नाही तो संशयित, असा काहीसा नियम झालाय, आणि माझा छंद नेमका न दाखवता येण्याचा आहे.

बॉयलरच्या जागेवरून परत आलो तर काका दारातच उभे. “आता माझा एक काढा.” गार्ड म्हणाला, इथे नाही चालत. काका म्हणाले, “माझ्या गिरणीत मला कोण अडवतो?” मी पुढचा आकडा आणला, अंदाजाने दोन मीटर लावले. काका लेन्समध्ये काय आहे ते बघायला एकेक पाऊल पुढे येत राहिले. मी मीटर कमी करत गेलो. शेवटी दाबलं एकदाचं. मग त्यांनी माझा नंबर घेतला.

रोज संध्याकाळी फोन येतो. “झाला का?” मी सांगतो, धुवायला दिलाय. “अजून? तो गार्ड म्हणत होता, तुम्हाला फसवलं त्या माणसाने.” काल म्हणाले, रविवारी आमच्या स्पिनिंगचे चौघं येणार आहेत, त्यांचे पण काढा. मी म्हटलं, बघतो.

“बघतो नाही, या. आणि येताना त्यात सेल घालून आणा.”