फोन करणारा फितूर कसा?

वणी तालुक्यातल्या आमच्या गावाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर सध्या एकच वाद पेटलाय. कापूस वेचून परतणाऱ्या बायांची ट्रॉली ओढणारा ट्रॅक्टरवाला दारू टाकून आला होता. ट्रॅक्टर रस्ताभर हेलकावे खात होता, समोरून कोळशाचे ट्रक. गावातल्याच एका पोरानं ११२ लावला, पोलिसांनी ट्रॅक्टर अडवला. अंधार पडायच्या आत त्या पोराचं नाव गावभर झालं, आणि आता सगळा राग त्याच्यावर. "गावातलं गावात मिटवाचं होतं." "गरिबाच्या पोटावर पाय देल्ला." "यानं काय दारू मोजाची मशीन लावून पाह्यली होती काय?"

मी कॅनडात, ओंटारिओत राहतो. इथे असा संशय आला तर सरळ ९११ लावायचा असतो, रस्त्याकडेला तशा पाट्याही दिसतात. पलीकडून विचारतात ते एवढंच: कोणता रस्ता, कोणती दिशा, गाडीचा रंग, नंबर, चालवतोय कसा. पाठलाग करू नका, अडवू नका, असंही बजावतात. तो प्यायलाय, झोपेत आहे की त्याची शुगर उतरलीय, हे फोन करणाऱ्यानं ठरवायचं नसतंच. मशीन लावणं पोलिसांचं काम. आमच्या पोरानंही डोळ्यांना दिसलं तेवढंच सांगितलं.

पण "आमच्याकडे बघा" असं मी गावाला सुनावणार नाही. इथे फोन करणारा आणि गाडीवाला जन्मात एकमेकांसमोर येत नाहीत. गावात दोघांच्या वावराचा धुरा, म्हणजे बांध, एक असतो, लग्नाची पंगतही एक. म्हणून नाव गुप्त राहणं तिथे इथल्यापेक्षा कितीतरी जास्त गरजेचं आहे. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली कलम १३४अ आलं, त्यानं जखमीला मदत करणाऱ्याला संरक्षण मिळालं. चांगलंच झालं. पण ते संरक्षण अपघात झाल्यावरचं. अपघात होऊच नये म्हणून फोन करणाऱ्याला त्या कलमाचा आधार नाही.

पोटावर पाय, हा आक्षेप मला खरा वाटतो. पिऊन चालवल्याबद्दल पहिल्या खेपेलाच १०,००० रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही. रोजंदारीच्या माणसाचं कंबरडंच मोडतं. मात्र ट्रॉलीत गाठोड्यांवर बसलेल्या बायाही रोजंदारीच्याच ना? त्यात माझी चुलत वहिनी होती. फोनवर म्हणाली, "आम्ही लय ओरडलो भाऊजी, पण इंजिनाच्या आवाजात त्याले कुठं आयकू जाते! उतरावं म्हटलं तं त्यानं थांबवाले पायजे न." ग्रुपवर तिच्या पोटाबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही.

मग ग्रुपवरच्या चर्चेची गाडी नेहमीप्रमाणे दारूबंदीवर गेली. वर्ध्यात सत्तरच्या दशकापासून आहे, गडचिरोलीत १९९३ पासून. चंद्रपुरात २०१५ला आली, २०२१ला उठली. आमच्या यवतमाळातही बायांनी ती मागणी लावून धरली. तो वाद जरूर घाला. पण उद्या सकाळी ट्रॉली निघणारच आहे, आणि तिची चावी मालकाच्या हातात आहे. ट्रॅक्टर चालवणारा पिणारा आहे हे मालकाला माहीत नव्हतं, असं गावात कोण म्हणेल? हंगामाआधी पोलीस पाटलांनी सगळ्या ट्रॅक्टर मालकांना बोलावून तंबी द्यावी, आणि ठाण्यातून फोन करणाऱ्याचं नाव फुटलं तर फोडणाऱ्यावर कारवाई व्हावी. त्या पोराच्या घरी मात्र सरपंचांनी आजच जावं.