डॅलस म्हणजे गाव नव्हे, रिपोर्टर म्हणजे पत्रकार नव्हे, आणि ड्रेड स्कॉट खराच होता

परवा रात्री साडेदहाला भाचीचा मेसेज, "मामा हे खरं आहे का, मी उद्याच्या प्रेझेंटेशनमधे टाकलंय." आधी टाकायचं आणि मग विचारायचं, ही आमच्या घरातली जुनीच पद्धत. पोरगी एलएलबीच्या पहिल्या वर्षाला आहे, तिचं एक वेळ समजू शकतो, पण हाच फॉरवर्ड आठवडाभर आधी मला वकिलांच्या दोन ग्रुपवर आला होता आणि खाली अंगठे आणि "माहितीपूर्ण सर" वगैरे सुरू होतं. तेव्हा मी सोडून दिलं, तीच चूक झाली.

ज्यांना आला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. मथळा "अमेरिकन सुप्रीम कोर्टाचं लपवलेलं सत्य". एक, पहिली पंचाऐंशी वर्षं तिथले निकाल जज लिहायचेच नाहीत, "रिपोर्टर" म्हणजे पेपरवाले लिहायचे. दोन, निकालांच्या पहिल्या अधिकृत खंडात सुप्रीम कोर्टाचा एकही निकाल नाही, वर "डॅलस" लिहिलंय, म्हणजे खरं रेकॉर्ड टेक्ससला नेऊन गायब केलं. तीन, १८७५ च्या सुमारास सगळे नंबर बदलले, म्हणून जुन्या केसला दोन-दोन नंबर. चार, कोर्टाने स्वतःच निकाल दिला की निकालांचा कॉपीराइट रिपोर्टरचा. पाच, ड्रेड स्कॉट नावाची केस झालीच नाही, कारण रिपोर्टमधल्या (छापील निकालातल्या) प्रतिवादीच्या नावाचा माणूसच नव्हता. सहा, "कंपनी म्हणजे व्यक्ती" हे एका रेल्वेवाल्या रिपोर्टरने पैसे खाऊन घुसवलं.

क्रमाने जात नाही. पाचव्या मुद्द्याने माझं डोकं फिरलंय, आधी तो.

ड्रेड स्कॉट हा गुलाम माणूस. त्याचा मालक डॉ. इमर्सन, सैन्यातला सर्जन, बदलीच्या गावी याला सोबत न्यायचा. आधी इलिनॉय, मग फोर्ट स्नेलिंग, दोन्ही जागी गुलामगिरीला कायद्याने बंदी. तिथेच स्कॉटचं हॅरिएटशी लग्न झालं, पुढे दोन मुली झाल्या. इमर्सन वारल्यावर १८४६ मधे नवरा-बायको दोघांनी सेंट लुईसच्या कोर्टात दावे लावले, की आम्ही मुक्त प्रदेशात राहिलोय, आम्ही गुलाम नाही. १८५० मधे ज्यूरीने त्यांच्या बाजूने कौल दिला. १८५२ मधे मिसूरीच्या सुप्रीम कोर्टाने तो उलटवला. मग फेडरल कोर्ट, मग वॉशिंग्टन, आणि ६ मार्च १८५७ ला सात विरुद्ध दोन असा निकाल, की काळा माणूस, मुक्त असला तरी, अमेरिकेचा नागरिक होऊच शकत नाही म्हणून त्याला फेडरल कोर्टात दावा लावायचा हक्कच नाही. अकरा वर्षं चाललेली केस, खालच्या कोर्टांचं रेकॉर्ड आहे, रिपोर्टची अडीचशेच्या आसपास पानं आहेत, नऊच्या नऊ जजांनी वेगवेगळं लिहिलंय, आणि हा फॉरवर्डवाला म्हणतो झालीच नाही. का तर नाव चुकलं!

नाव चुकलंय हे बरोबर आहे. प्रतिवादी होता जॉन सॅनफर्ड, इमर्सनच्या बायकोचा भाऊ, सेंट लुईसला फरच्या धंद्यात होता आणि नंतर न्यूयॉर्कला गेला. रिपोर्टमधे छापताना मधे एक "डी" जास्तीचा शिरला आणि तो सँडफर्ड झाला. ती चूक तशीच राहिली, आजही केस त्याच चुकीच्या नावाने साईट होते, म्हणजे हवाला त्याच नावाने देतात, कारण रिपोर्टमधे जे छापलंय तेच केसचं नाव. आता मला सांगा, आपल्याकडे सातबाऱ्यावर "पांडूरंग" चा "पाडुरंग" झाला म्हणून कोणी असं म्हणतं का की शेतच नाही? तहसीलला दुरुस्तीचा अर्ज करतो आपण, जमीन नाकारत नाही. (दुरुस्ती होते की नाही हा वेगळा विषय.)

आणि गंमत म्हणजे, खरंच संशय घ्यायचा असेल तर या केसच्या रिपोर्टिंगमधे एक खरी भानगड आहे, ती या फॉरवर्डवाल्याला माहीतच नाही. निकाल वाचून झाल्यावर मुख्य न्यायाधीश टॉनी यांनी आपलं लेखी मत छापायला देण्याआधी त्यात बदल केले. विरोधी मत देणारे न्यायमूर्ती कर्टिस, त्यांनी स्वतःचं मत लगेच बॉस्टनच्या पेपरला दिलं होतं, आणि टॉनींच्या मताची प्रत कोर्टाच्या क्लार्ककडे मागितली तर त्यांना नकार मिळाला. बसलेल्या जजला त्याच केसमधल्या मताची प्रत नाही! दोघांची कडक पत्रापत्री झाली. नंतर छापील मत बघून कर्टिस यांचं म्हणणं होतं की यात अठराएक पानं वाढलीयत, आणि ती माझ्या मुद्द्यांना उत्तर म्हणून वाढलीयत. त्याच वर्षी कर्टिस यांनी राजीनामा दिला. म्हणजे खाडाखोड झाली, पण ती केली एका जजने, स्वतःच्या मतात. निकालांचे खंड काढणारा रिपोर्टर बेंजामिन हॉवर्ड, त्याने जे हाती आलं ते छापलं. १९ हॉवर्ड, म्हणजे हॉवर्डचा एकोणिसावा खंड, पान ३९३ पासून. उघडा आणि बघा.

यात मला राग कशाचा येतो, तर इतक्या घाणेरड्या निकालाला "झालाच नाही" म्हणणं हे त्या माणसाला दुसऱ्यांदा कोर्टाबाहेर काढण्यासारखं आहे. निकालानंतर मे १८५७ मधे टेलर ब्लो या माणसाने स्कॉट कुटुंबाला मुक्त केलं, ब्लो घराणं म्हणजे ड्रेडचे सगळ्यात आधीचे मालक. पुढच्या वर्षी सप्टेंबरमधे ड्रेड वारला. सेंट लुईसला त्याची कबर आहे. १८६८ ची चौदावी घटनादुरुस्ती आली तेव्हा त्यातलं नागरिकत्वाचं पहिलं वाक्य याच निकालाला पुसायला लिहिलं गेलं. न झालेली केस पुसायला घटनादुरुस्ती कोण करतं?

बरं, आता बाकीचे.

रिपोर्टर म्हणजे पत्रकार. अहो, नागपूरहून निघणारं "ऑल इंडिया रिपोर्टर" कोर्टात रोज साईट करता ना तुम्ही? ते काय बातमीदारांचं पेपर आहे? लॉ रिपोर्टर म्हणजे निकाल गोळा करून, वर हेडनोट (निकालाचा सारांश) लावून, वकिलांचे युक्तिवाद थोडक्यात देऊन, अनुक्रमणिका करून पुस्तक काढणारा माणूस. विल्यम क्रँच हा रिपोर्टर असताना वॉशिंग्टनच्या सर्किट कोर्टाचा जजही होता. जेरेमाया ब्लॅक आधी देशाचा ॲटर्नी जनरल होता. एवढं मात्र खरं, की हेन्री व्हीटन आधी न्यूयॉर्कमधे एक वर्तमानपत्र चालवायचा. पण वकील होता आणि रिपोर्टर झाला तो वकील म्हणून.

जज लिहायचे नाहीत, यात पाव हिस्सा खरं आहे, मान्य करतो. सुरवातीच्या दहा वर्षांत, डॅलस नावाच्या पहिल्या रिपोर्टरच्या काळात, बरीच मतं तोंडी दिली जायची, जज एकामागून एक बोलायचे, डॅलस स्वतःच्या आणि इतर वकिलांच्या टिपणांवरून जुळवायचा, कितीतरी केसेस त्याने घेतल्याच नाहीत, आणि त्याचा चौथा खंड यायला १८०७ उजाडलं ज्यात सुप्रीम कोर्टाच्या १८०० पर्यंतच्याच केसेस. भोंगळ कारभार होता, कोण नाही म्हणतंय. पण १८०१ ला मार्शल मुख्य न्यायाधीश झाले आणि क्रँचने आपल्या पहिल्या खंडाच्या प्रस्तावनेतच सांगून टाकलंय की महत्त्वाच्या आणि अवघड प्रकरणांत कोर्ट मत लेखी देतं, त्यामुळे माझा भार हलका झाला. पंचाऐंशी वर्षं कुठून आली मग?

आता डॅलस. डॅलस हे गाव नाही हो, माणूस आहे! अलेक्झांडर जेम्स डॅलस, फिलाडेल्फियाचा वकील, पुढे अमेरिकेचा अर्थमंत्री झाला. टेक्ससमधलं डॅलस गाव १८४१ मधे वसलं, आणि हे पुस्तक आलं १७९० मधे. त्यात सुप्रीम कोर्टाचा निकाल नाही कारण तो खंड पेनसिल्व्हेनियाच्या कोर्टांचाच आहे, तसं पुस्तकावरच लिहिलंय, आणि सुप्रीम कोर्टाची तर पहिली बैठकच फेब्रुवारी १७९० मधे न्यूयॉर्कला झाली, तेव्हा त्यांच्याकडे निकाल द्यायला केसच नव्हती. दुसऱ्या खंडात सुप्रीम कोर्टाच्या केसेस आल्या, पेनसिल्व्हेनियाच्या केसेसच्या सोबतच. पुढे सरकारी क्रमांक देताना डॅलसचे चारही खंड जसेच्या तसे धरले, म्हणून "१ यू.एस." मधे, म्हणजे सरकारी मालिकेच्या पहिल्या खंडात, यू.एस. सुप्रीम कोर्टच नाही. विचित्र आहे, पण लपवलेलं काही नाही.

दोन नंबरांचं गणित तर पाचवीच्या पोरालाही जमेल. डॅलस ४ खंड, क्रँच ९, व्हीटन १२, पीटर्स १६, हॉवर्ड २४, ब्लॅक २, वॉलेस २३. बेरीज करा. ९०. १८७४ मधे अमेरिकन काँग्रेसने (तिथल्या संसदेने) निकाल छापायला सरकारी पैसा मंजूर केला, त्यानंतर रिपोर्टर ओटोपासून खंडांना सलग क्रमांक, पहिला ९१. मागच्या नव्वदांना मागाहून १ ते ९० दिले. म्हणून मार्बरी विरुद्ध मॅडिसन, १ क्रँच १३७, तेच ५ यू.एस. १३७, कारण क्रँचच्या आधी चार. पान तेच, मजकूर तोच. १९ हॉवर्डमधे आधीचे ४१ मिळवा, ६० यू.एस. ३९३, आपला ड्रेड स्कॉट. पत्ता बदलला, घर नाही. आणि १८७५ म्हणजे कारस्थानाचं वर्ष असेल तर आपल्याकडेही त्याच वर्षी इंडियन लॉ रिपोर्ट्स ॲक्ट झाला आणि त्यानंतर बॉम्बे हायकोर्ट रिपोर्ट्स जाऊन आयएलआर बॉम्बे आलं. तेही घ्या यादीत!

कॉपीराइटचा मुद्दा वाचून तर मी हसलो, कारण कोर्टाने बरोब्बर उलटं सांगितलंय. व्हीटन विरुद्ध पीटर्स, १८३४, ८ पीटर्स ५९१. एवढी एकच केस वाचली तरी अर्धा फॉरवर्ड खलास. व्हीटनची पुस्तकं महाग आणि जाडजूड. त्याच्यानंतर आलेल्या रिचर्ड पीटर्सने काय केलं, तर जुन्या पंचवीसएक खंडांचा ऐवज सहा खंडांत आवळून स्वस्तात विकायला काढला. व्हीटनने दावा ठोकला. इतर बाबतीत जजांत मतभेद झाले, दोघांनी विरोधी मत दिलं, पण एका गोष्टीवर सगळे एकमत, की या कोर्टाने दिलेल्या लेखी मतांवर कुठल्याही रिपोर्टरचा कॉपीराइट नाही आणि असू शकत नाही, आणि जजही तो त्याला देऊ शकत नाहीत. "लेखी मतं" हा शब्द नीट वाचा, म्हणजे पहिला मुद्दाही गेला. त्याच रिपोर्टमधे १८१७ च्या कायद्याची चर्चा आहे ज्याने रिपोर्टरला वर्षाला हजार डॉलर पगार ठरवला आणि त्या बदल्यात छापील प्रती सरकारजमा करायला लावल्या, म्हणजे हा कोणी रस्त्यावरचा बातमीदार नव्हता. रिपोर्टरने स्वतः लिहिलेल्या हेडनोट, टिपा यांचा हक्क वेगळा, तो पुढे १८८८ मधे कोर्टाने मान्य केला. आणि हो, व्हीटन विरुद्ध पीटर्स छापली कोणी? प्रतिवादी पीटर्सनेच, तोच तेव्हा रिपोर्टर होता. स्वतःवरचीच केस स्वतःच्याच पुस्तकात. इथे संशय घेतला असता तर मी निदान चहा तरी पाजला असता.

राहिला सहावा, आणि इथे मला दात-ओठ खाऊन अर्धं मान्य करावं लागतंय. सांता क्लारा काउंटी विरुद्ध सदर्न पॅसिफिक रेलरोड, १८८६, ११८ यू.एस. ३९४. निकालाच्या मूळ मजकुरात कंपनी ही चौदाव्या दुरुस्तीखाली "व्यक्ती" आहे असं कुठेही ठरवलेलं नाही, केस वेगळ्याच मुद्द्यावर सुटली. ते वाक्य आहे रिपोर्टर बँक्रॉफ्ट डेव्हिसने वर घातलेल्या टिपणात, की युक्तिवादाआधी मुख्य न्यायाधीश वेट म्हणाले, यावर आम्हाला ऐकायचं नाही, आम्ही सगळे कंपनी व्यक्तीच धरतो. आणि डेव्हिस पूर्वी एका छोट्या रेल्वे कंपनीचा अध्यक्ष होता, हेही खरं. पण घुसवलं? त्याने छापण्याआधी वेटना पत्र लिहून विचारलं, हे टिपण बरोबर आहे का, आणि वेटनी उत्तर दिलं की जे बोललं गेलं ते यात पुरेसं अचूक आलंय, रिपोर्टमधे घ्यायचं की नाही ते तुम्ही ठरवा कारण निकालात आम्ही घटनेचा प्रश्न टाळलाय. ही पत्रं आहेत. पैसे खाल्ल्याचा कागद फॉरवर्डवाल्याने दाखवावा. शिवाय दोनच वर्षांनी, १८८८ च्या पेंबिना केसमधे, न्यायमूर्ती फील्ड यांनी तेच निकालाच्या मजकुरात लिहिलं. डेव्हिस नसता तरी गाडी तिथेच पोचली असती. हेडनोट म्हणजे निकाल नव्हे हे कोर्टाने १९०६ मधे डेट्रॉइट टिंबरच्या केसमधे बजावलंय, आणि आजही तिथल्या प्रत्येक निकालाच्या सारांशावर त्या केसचा हवाला छापतात.

भाचीला रात्रीच फोन केला. पाच स्लाइड उडवायला सांगितल्या. सांता क्लाराची ठेव म्हटलं, पण "पैसे खाऊन" काढ आणि वेटच्या पत्राचं वाक्य टाक. ती म्हणाली मामा मग प्रेझेंटेशन तीन मिनिटांचंच उरतं. मग ८ पीटर्स वाच म्हटलं, लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या साइटवर फुकट आहे, त्यात अर्धा तास सहज जाईल.